येन पडला, बेअरिंगचा भाव पडला नाही

मा. संपादक,
सप्रेम नमस्कार.

रविवारी तुमच्या अर्थविषयक पानावर लेख होता की चीन आणि जपान आपलं चलन मुद्दाम स्वस्त ठेवतात म्हणून अमेरिकेला व्यापारात तूट येते, डॉलर जरा खाली आणला की सगळं सुरळीत होईल. वाचलं आणि राहवलं नाही. मी अर्थतज्ज्ञ वगैरे नाही, भोसरीत एका वर्कशॉपमध्ये वीसेक वर्षं पर्चेस बघितलं, आमच्याकडे दोन जपानी सीएनसी (कॉम्प्युटरवर चालणाऱ्या) मशिनी होत्या त्यामुळे शंभर येनचा भाव मला तोंडपाठ असायचा (हो, येनचा भाव शंभराचाच सांगतात, एका येनचा तर पुरता रुपयाही होत नाही).

तर मुद्दा असा की लेखात सांगितलेला उपाय अमेरिकेने चाळीस वर्षांपूर्वी करून पाहिलाय. २२ सप्टेंबर १९८५ ला न्यूयॉर्कच्या प्लाझा हॉटेलात अमेरिका, जपान, पश्चिम जर्मनी, फ्रान्स आणि ब्रिटन असे पाच देश बसले आणि डॉलर खाली आणायचा ठरवलं. तेव्हा डॉलरला २४० च्या आसपास येन मिळायचे, १९८७ संपता संपता १२० वर आले, म्हणजे दोन-सव्वादोन वर्षांत येन दुप्पट महाग. आता लेखाच्या हिशोबाने जपानी माल अमेरिकेत विकला जायलाच नको होता ना? पण अमेरिकेची जपानबरोबरची तूट १९८५ ला साधारण ४६ अब्ज डॉलर होती ती १९८७ ला ५६ अब्ज झाली. युरोपशी नंतर बराच फरक पडला हे खरं, पण ज्याच्यासाठी एवढा खटाटोप तो जपान तिथेच. जपानी कंपन्यांनी काय केलं तर नफा कमी घेतला पण गिऱ्हाईक सोडलं नाही, आणि टोयोटाने तर अमेरिकेतच, केंटकी राज्यात कारखाना टाकला, १९८८ पासून तिथे गाड्या निघायला लागल्या, मग येन कितीही चढो. उलट दुखणं जपानच्याच अंगावर आलं, महाग येनमुळे निर्यातदार ओरडायला लागले म्हणून तिथल्या मध्यवर्ती बँकेने, बँक ऑफ जपानने, व्याजदर ५ टक्क्यांवरून अडीचवर आणला, स्वस्त पैसा जमिनीत आणि शेअरमध्ये गेला आणि तो फुगा १९९० नंतर फुटला.

चीनचंही तेच. २००५ च्या जुलैपर्यंत युआन डॉलरला ८.२८ वर बांधून ठेवला होता, मग सोडला, २०१४ च्या सुरुवातीला ६ च्या जरा वर आला. म्हणजे युआन चांगला महाग झाला, आणि अमेरिकेची चीनबरोबरची तूट २०० अब्जांच्या आसपास होती ती ३४० अब्जांच्या वर गेली!

हे असं का होतं ते मला पुस्तकातून नाही, स्पिंडलच्या (मशिनच्या फिरत्या दांड्याच्या) बेअरिंगमधून कळलं. २०२० ला शंभर येनला सत्तरच्या आसपास रुपये पडायचे, २०२४ च्या जुलैत बावन्नवर आले. मी खूश, म्हटलं आता बेअरिंग स्वस्तात पडणार, डीलरकडून कोटेशन मागवलं तर भाव जुनाच. फोन केला तर म्हणाला, साहेब आमची लिस्ट प्राइस रुपयात आहे, येनशी काय संबंध. बरं. ३१ जुलैला बँक ऑफ जपानने व्याजदर वाढवला, ५ ऑगस्टला डॉलर १४२ येनपर्यंत खाली आला आणि तिकडचा शेअर निर्देशांक निक्केई एका दिवसात १२ टक्के पडला, शंभर येन इकडे अठ्ठावन्न-एकोणसाठ. पुढच्याच बिलात खाली बारीक अक्षरात एक ओळ, ‘करन्सी अॅडजस्टमेंट’. म्हणजे येन पडला तेव्हा संबंध नव्हता आणि चढला की लगेच संबंध! डीलरचं नाव लिहीत नाही, कारण बाकीचे दोघेही तसलेच निघाले. पण मी बेअरिंग घेतलंच की, घेणार नाही तर काय करणार, त्या मशिनला दुसरं बसत नाही आणि मशिन बंद ठेवून पार्टीला डिलिव्हरीची तारीख कोण सांगणार. अमेरिकेतला कारखानदार तरी वेगळं काय करतो? माल दुसरीकडे मिळतच नसेल तर भाव चढला म्हणून तो घ्यायचा थांबत नाही, तोच माल जास्त डॉलर मोजून घेतो, म्हणून तर तूट आधी वाढलेलीच दिसते.

२०२५ ला ट्रम्प यांनी टॅरिफ (आयात शुल्क) लावले तेव्हाही पुस्तकी हिशोब असा की टॅरिफ लावला की डॉलर चढतो, पण पहिल्या सहा महिन्यांत तो १० टक्क्यांच्या वर घसरला. तेव्हा चलन खाली-वर केलं की व्यापार सरळ होतो हे इतक्या ठामपणे छापताना जरा थांबा एवढंच म्हणणं.

आणि एक विनंती. रोजच्या भावांच्या चौकटीत तुम्ही डॉलर, पौंड, युरो देता, पण शंभर येनचा भाव हल्ली गायब झालाय. इकडे भोसरी-चाकणला तो बघणारे पुष्कळ आहेत. जागा नसेल तर राशिभविष्यातून दोन ओळी कमी करा, आमची हरकत नाही.

आपला,
एक जुना वाचक, भोसरी