‘असूनही’ कशाला?

माननीय संपादक,

फादर फ्रान्सिस दिब्रिटो यांच्या स्मृतिदिनानिमित्त कालच्या अंकात आलेला लेख वाचला. आठवण ठेवलीत, आभार. पण तिसऱ्याच परिच्छेदात ‘ख्रिस्ती धर्मगुरू असूनही दिब्रिटोंनी अस्सल मराठीत लिहिले’ हे वाक्य भेटले आणि समोरचा चहा निवून गेला.

मी तीस वर्षे शाळेत मराठी व्याकरण शिकवले. ‘पाऊस असूनही शाळा भरली’ याचा अर्थ पावसाने शाळा अडायला हवी होती, पण अडली नाही. मग फादरांच्या मराठीला नेमके काय आडवे येणार होते? त्यांचा जन्म वसईतल्या नंदाखालचा. आमच्याकडे घरात सामवेदी बोली बोलतात, चर्चमध्ये मिस्सा, म्हणजे उपासना, मराठीत होते आणि भांडणे दोन्हींत होतात. ‘ख्रिस्तपुराण’ लिहिणारे फादर स्टीफन्स जन्माने इंग्रज. १६१६ साली छापलेल्या त्यांच्या ओव्यांसाठी तुमचे ‘असूनही’ खुशाल वापरा, तिथे ते शोभेल. नंदाखालच्या माणसाला ते लावायचे, तर उद्या ‘पुण्याचे असूनही त्यांनी उत्तम मराठी लिहिले’ असेही छापून दाखवा. टपालाच्या पोत्यांची सोय मात्र आधी करून ठेवा.

हा शब्द मला का झोंबतो, तेही सांगतो. एका शाळेत (नाव नको) मी मराठीसाठी रुजू झालो, त्याच आठवड्यात एक पालक मुख्याध्यापकांकडे आले. हजेरीपटावर माझे आडनाव वाचून आले होते. ‘मराठीला दुसरं कुणी नाही का हो?’ मी दाराशीच खडूची पेटी घेऊन उभा. पालकांचा मला राग आला नाही, कारण ते बिचारे अजाण होते. राग आला तो मुख्याध्यापकांच्या उत्तराचा. माझी बाजू घ्यायची म्हणून ते म्हणाले, ‘काळजी करू नका, आडनाव तसलं असलं तरी व्याकरण पक्कं आहे त्यांचं.’ तेव्हाचे ते ‘तरी’ आणि कालचे तुमचे ‘असूनही’. मधे इतकी वर्षे गेली, फक्त अव्यय बदलले. मी त्या वर्गात गेलो आणि त्या दिवशी काय शिकवले ते आजतागायत आठवत नाही. एरवी माझे असे कधी होत नाही. निवृत्तीच्या निरोप समारंभातही एका सहकाऱ्याने ‘सरांचं मराठी ऐकून कळतसुद्धा नाही’ अशी स्तुती केली. काय कळत नाही, ते विचारायचे राहूनच गेले.

लेखाचा अर्धा ऐवज उस्मानाबादच्या २०२० सालच्या ९३ व्या मराठी साहित्य संमेलनावर खर्च झाला आहे. अध्यक्षपदी त्यांची निवड झाल्यावर कोण चिडले, कोणी फोन केले, हे सारे पुन्हा एकदा. पण त्याआधीच्या ९२ संमेलनांत एकही ख्रिस्ती अध्यक्ष नव्हता, याला कोणते अव्यय लावायचे ते लेखकाने सांगितले नाही. १९८३ ते २००७ इतकी वर्षे त्यांनी ‘सुवार्ता’ मासिक चालवले, त्याला जेमतेम एक ओळ. आमच्या घरी त्याचे जुने अंक अजून माळ्यावर आहेत. आई त्यातला अग्रलेख मोठ्याने वाचून घ्यायची आणि मधेच ‘हे फादर बोलतात तसंच लिहितात’ म्हणायची. बायबलच्या मराठी अनुवादाला २०१३ चा साहित्य अकादमीचा अनुवाद पुरस्कार मिळाला, त्याचा उल्लेखच नाही. हरित वसईची चळवळ तर लेखातून साफ गायब. बिल्डरांविरुद्ध उभा राहिलेला झगेवाला फादर आम्ही डोळ्यांनी पाहिला आहे. अर्थात त्याच पानावर वसईतल्या नव्या टॉवरची पाव पान जाहिरात होती. जागा अपुरी पडली असेल, समजू शकतो.

‘नाही मी एकला’ हे त्यांचे आत्मचरित्र लेखकाने चाळले असते, तरी निदान त्यांना बिशप करण्याची घाई झाली नसती. दिब्रिटो शेवटपर्यंत फादरच होते. बिशपपद लेखाच्या शीर्षकात मिळत नसते.

जाता जाता आणखी एक. दर डिसेंबरच्या पहिल्या आठवड्यात आपल्या कार्यालयातून मला फोन येतो. विषय ठरलेला : ‘सर, नाताळच्या पुरवणीसाठी घरातून केकची कृती मिळेल का?’ मला केक येत नाही. समास येतात, वृत्ते येतात, मर्ढेकरांवर दोन हजार शब्द मागितले तर आठवड्यात देईन. असा फोन आजवर आला नाही. गेल्या वर्षी हिने वैतागून शंकरपाळ्यांची कृती दिली आणि आपण ती ‘ख्रिस्ती शंकरपाळे’ म्हणून छापली.

आपला नियमित वाचक,
एक निवृत्त मराठी शिक्षक, वसई

(नाव छापू नये. मागच्या पत्राखाली छापले होते, तेही चुकीचे.)