दाभोळ पाच मात्रांचं

डोंबिवली,
रविवार

प्रिय अव्या,

रिचार्ज संपलाय, म्हणून हे आंतरदेशीय. तुझे दिवाळीचे 5 हजार याही महिन्यात जमत नाहीत, हे आधीच सांगून टाकतो. दोन गाण्यांचं मानधन अडकलंय. विचारलं की 'पुढच्या आठवड्यात नक्की'. किराणावाला अजून वहीत मांडून देतो, पण हल्ली आकडा मोठ्याने वाचून दाखवतो.

परवा मालकीणबाई भाडं मागायला आल्या तेव्हा मी दाभोळच्या खाडीत होतो. हसू नकोस. कोळीगीत आलंय, चालीवर लिहायचं. आपण बार्शीचे, आपलं पाणी टँकरमधलं! समुद्रात मी गेलोय एकदाच, गेटवे ते घारापुरी, तेही लाँचने. मुखड्यात पाच मात्रांचं गाव हवं होतं. नकाशा उघडला. वेसावे सहा, हर्णै चार. दाभोळ टपकन बसलं. मग नाखवा आला, जाळं आलं, त्याच्या बायकोच्या कनवटीला नोटासुद्धा आल्या. बाईंनी दोनदा कडी वाजवली म्हणे. मला ती नांगराची साखळी वाटली. (थाप. ऐकू आली होती.)

अमेरिकेतल्या पिट्सबर्गचा गीतकार स्टीफन फॉस्टर असाच. 1851 साली, तोंडाला काळं फासून गाणाऱ्या गोऱ्यांच्या खेळासाठी त्याने एक गाणं लिहिलं. त्यातली पीडी नदी काही केल्या बसेना. शेवटी भावाने ॲटलासमधून फ्लोरिडातली सुवानी शोधली, याने मीटरसाठी तिचा उकार छाटून 'स्वानी' केली. नदी पाहिली होती कुणी? 1935 पासून ते फ्लोरिडाचं राज्यगीत आहे. छापताना मात्र गीतकार म्हणून नाव दुसऱ्याचंच, पैसे घेऊन दिलेलं. आपल्याकडे निदान 2012 पासून सिनेमातल्या गाण्याच्या रॉयल्टीवरचा हक्क गीतकाराकडून लिहून घेता येत नाही. माझं मानधनच हाती येत नाही, हा भाग वेगळा.

1864 मध्ये फॉस्टर न्यूयॉर्कच्या इस्पितळात वारला तेव्हा वय 37, पाकिटात 38 सेंट. मी 41चा, खिशात 110 रुपये.

एकच धाकधूक आहे. दाभोळच्या खऱ्या नाखव्याने हे ऐकलं तर? डिझेल, बर्फ, रिकामं जाळं, यातलं काही माझ्या गाण्यात नाही. त्याची उधारी मी सोयीस्कर गाळलीय, मला माझीच पुरे झाली होती.

मुखडा घडीवर लिहिलाय. पाच हजारांचं वहिनींना अजून बोलला नसशील, तर आधी तो वाचून दाखव.

तुझा,
बाप्या