गिअरबॉक्स उतरवण्याआधी तेल बघणाऱ्या मेस्त्री मामांना

मेस्त्री मामा,
सा. न. वि. वि.

गाडी न्यायला आले त्या दिवशी तुमचे पैसे चुकते केले, पण आभार मानायचे राहून गेले. तुम्ही दुसऱ्या गाडीखाली खड्ड्यात उतरला होता आणि बाहेर आणखी दोन गिऱ्हाइकं उभी होती. म्हणून आज लिहिते आहे. पत्र सगळ्यांसमोर लिहिण्याचं कारण एवढंच, की तेव्हापासून शाळेत आणि गल्लीत जो तो मला विचारतोय, "गिअर ऑइल कुठलं घातलं? नाव सांगा." नुसतं नाव सांगून भागत नाही, हे तुम्हीच मला समजावलं होतं. मग ते तुमच्याच श्रेयासह सगळ्यांना सांगावं असं वाटलं.

माझी गाडी रोज बेळगावहून पिरनवाडी, किणये करत जांबोटीच्या बाजूला शाळेपर्यंत जाते. थंडी पडली की सकाळी पहिल्यावरून दुसरा गिअर टाकताना लिव्हर अडायचा. जोर लावला की आतून कर्र असा आवाज यायचा. तासाभरानं गाडी तापली की त्रास निम्म्यावर. तुमच्याकडे येण्याआधी ज्या वर्कशॉपमध्ये दाखवली, तिथं एक चक्कर मारून लगेच निकाल दिला, "सिंक्रो गेले, बॉक्स उतरवायला लागणार." सिंक्रो म्हणजे गिअरबॉक्समधल्या, गिअर टाकताना वेग जुळवणाऱ्या रिंगा. जो खर्च सांगितला तो आमच्या महिन्याच्या हिशेबात कुठूनही बसत नव्हता. गाडी विकून टाकावी इथपर्यंत घरात बोलणं गेलं होतं.

तुम्ही मात्र आधी पाना हातात घेतलाच नाही. इंजिन बंद ठेवून मला सगळे गिअर एकेक करून टाकायला लावले. मग इंजिन चालू करून, क्लच पूर्ण दाबून पुन्हा तेच. इंजिन बंद असताना गिअर सहज पडतात आणि चालू केल्यावर सगळेच अडतात, रिव्हर्सला तर दात घासतात, असं असलं तर दोष बहुतेक क्लचचा. तो पुरता सुटत नाही. आमच्या गाडीत तसं नव्हतं. क्लच साफ सुटत होता, फक्त दुसराच अडत होता आणि तोही गार असतानाच. ही परीक्षा कुणालाही घरासमोर करता येते, तिला एक रुपया लागत नाही. तरी ती करून बघा असं मला आधी कुणी म्हटलं नव्हतं.

मग तुम्ही गाडीचं पुस्तक मागितलं आणि जुनी बिलंही. मला त्याचं नवल वाटलं. इतकी वर्षं या कामात घालवलेला माणूस पुस्तक बघायला कमीपणा मानत नाही, ही गोष्ट मला फार मोठी वाटते. गाडी आम्ही जुनी घेतलेली, पण आधीच्या मालकानं बिलांची फाइल नीट ठेवली होती. तुम्ही चष्मा लावून एकेक कागद उलटत गेला आणि एका बिलावर बोट ठेवलं. पुस्तकात लिहिलेलं तेल होतं ७५डब्ल्यू-८०, जीएल-४. बिलावर होतं ८०डब्ल्यू-९०, जीएल-५. कुणीतरी दुकानात होतं ते ओतून दिलं होतं.

त्यानंतर तुम्ही जे सांगितलं ते मी घरी येऊन वहीत लिहून ठेवलं. तुमचे शब्द होते, "बाई, डब्यावर दोन गोष्टी वाचायच्या. आकडा वाचला म्हणून जीएल वाचायचं सोडू नका, आणि जीएल जुळलं म्हणून आकडा सोडू नका."

आकडा म्हणजे तेल किती पातळ, किती जाड. डब्ल्यूच्या आधीचा आकडा थंडीतला, नंतरचा तापल्यावरचा. माझी समजूत अशी होती की ९० म्हणजे इंजिनच्या ४० नंबर तेलापेक्षा दुपटीनं जाड. तुम्ही सांगितलं की दोन्हींची मोजपट्टीच वेगळी आहे. गिअर ऑइलचं ९० आणि इंजिन ऑइलचं ४० तापल्यावर जवळपास सारखेच पातळ असतात. त्यामुळे इंजिनच्या डब्याशी तुलना करून गिअरचं तेल निवडायचंच नाही. आणि "घाटात चालवतो, म्हणून जरा जाड घाला" हा आपल्याकडचा सर्रास सल्लाही तुम्ही मोडून काढलात. चोर्ल्याचा चढ काय आणि आंबोलीचा काय, कंपनीनं पुस्तकात लिहिताना चढ धरलेलाच असतो. जाड तेल घाटात फारसं काही वाढवत नाही, पण सकाळच्या गारठ्यात नक्की आडवं येतं.

ते कसं, हे समजावताना तुम्ही जुन्या बॉक्समधली एक पितळी रिंग माझ्या हातावर ठेवली होती. आतल्या बाजूला बारीक रेघा होत्या, नख फिरवलं तर लागत होत्या. चालत्या बसमध्ये चढणारा माणूस आधी बसच्या वेगानं चार पावलं पळतो, तसं ही रिंग गिअरला धरून दोन्हींचा वेग एक करते आणि मगच दात एकमेकांत बसतात. धरण्यासाठी तिला थोडं घर्षण लागतं. मधलं तेल त्या रेघांतून झटकन बाजूला व्हायला हवं. ते गार आणि जाड असलं तर लवकर हटत नाही, रिंग सटकत राहते, वेग जुळत नाही आणि दात घासतात. तो कर्र आवाज म्हणजे हेच.

आता जीएल, म्हणजे दात वाचवणारी रसायनं तेलात किती आहेत त्यावरून ठरलेला तेलाचा वर्ग. जीएल-५ हे वाईट तेल नव्हे, हे तुम्ही दोनदा सांगितलं होतं, म्हणून मीही सांगते. जीप-ट्रकच्या मागच्या अॅक्सलमध्ये जो क्राऊन-पिनियन, म्हणजे दातेरी चाकांची जोडी, असतो, त्याचे दात एकमेकांवर प्रचंड दाबाखाली घसरत जातात. ते वाचवण्यासाठी त्या तेलात गंधक-फॉस्फरसची रसायनं जास्त घातलेली असतात, जीएल-४च्या साधारण दुप्पट. तिथं ते हवंच. पण पितळी रिंगांच्या गिअरबॉक्सला दोन गोष्टी बाधतात. एक म्हणजे गंधक पितळ खातं. आजच्या चांगल्या तेलांत ही भीती पूर्वीइतकी राहिलेली नाही. दुसरी म्हणजे त्याचा निसरडेपणा, आणि तो राहतोच. जिथं रिंगेनं धरायचं तिथंच ती घसरणार. पुढच्या चाकांवर चालणाऱ्या आमच्यासारख्या छोट्या गाडीत डिफरन्शियल, म्हणजे दोन्ही चाकांना ताकद वाटून देणारा भाग, गिअरबॉक्सच्या पोटातच असतं, पण त्याचे दात साधे तिरके असतात, त्यांना जीएल-४ पुरतं. पाच हा आकडा चारपेक्षा मोठा म्हणून माल चांगला, असं समजून लोक जास्तीचे पैसे मोजून तेच घेतात.

जे मला नाव विचारतात त्यांच्यासाठी एवढंच: आमच्या गाडीचं तेल तुमच्या गाडीला चालेलच असं नाही. काही गाड्यांच्या मॅन्युअल बॉक्सलाही एटीएफ, म्हणजे ऑटोमॅटिक गिअरबॉक्सचं तेल, लागतं, काहींना कंपनीचं स्वतःचं. डब्यावर जीएल-४ आणि जीएल-५ दोन्ही छापलेलं दिसलं तर लगेच हरखून जाऊ नका. त्यात रसायनं सहसा पाचचीच असतात. आपल्या गाडीचं पुस्तक काढा. पुस्तक हरवलं असेल तर कंपनीच्या संकेतस्थळावर बहुतेक मॉडेलांचं मिळतं.

मामा, तुमच्या कपाटात तेव्हा जीएल-५चे डबे रांगेत होते. त्यातला एक उघडून ओतला असता तर मला काय कळणार होतं? तुम्ही चिठ्ठीवर ग्रेड लिहून दिली आणि म्हणालात, "हे माझ्याजवळ नाही. कॅम्पात किंवा इथं पुढच्या दुकानात मिळालं तर घेऊन या, नाही तर मी मागवतो, दोन दिवस थांबा." गिऱ्हाईक हातचं गेलं तरी चालेल, पण चुकीचं घालणार नाही. हे मी विसरणार नाही.

तेल बदलताना तुम्ही मला बाजूला बसवून न ठेवता जवळ उभं राहू दिलंत, त्याबद्दल वेगळे आभार. बाईमाणूस गॅरेजमध्ये प्रश्न विचारायला लागली की बहुतेक ठिकाणी उत्तर नवऱ्याकडे बघून दिलं जातं. तुमच्या इथं दारातल्या एकाशी कन्नडात बोलणं चाललेलं, मध्येच माझ्याकडे वळून मराठीत सांगायचं, "हे बघा, आता काय करतो." गाडी थोडी फिरवून तेल कोमट करून घेतलंत, म्हणजे ते तळचा गाळ घेऊन उतरतं. गाडी चारी बाजूंनी सपाट आहे ना, हे बघितलंत. आणि ड्रेन प्लगला हात लावण्याआधी वरचा फिलर प्लग सैल करून घेतलात. हे कुणी सांगितल्याशिवाय सुचणारं नाही. खालून तेल सगळं सोडून दिलं आणि वरचा प्लग गंजून बसलेला निघाला, तर भरणार कुठून? गाडी जागेवर अडकली.

ड्रेन प्लगच्या टोकाला लोहचुंबक असतं, हे मला त्या दिवशी कळलं. त्यावर राखाडी लगद्याचा थर चढला होता. तुम्ही तो पांढऱ्या कागदावर पुसून घेतलात, अंगठा आणि बोटात चोळून पाहिलात, मग कागद दारात उन्हाला नेऊन तिरका धरलात. लगदा मऊ, गुळगुळीत असेल तर ती नेहमीची झीज. बोटाला कण टोचले, पापुद्रे किंवा दाताचा तुकडा निघाला, तर मात्र बॉक्स उघडावाच लागतो. पितळ चुंबकाला चिकटत नाही, म्हणून ट्रेमधलं तेलही उन्हात हलवून पाहिलंत. सोनेरी चमक होती, पण थोडी. तेव्हाच तुम्ही मला स्पष्ट सांगितलं, "दुसऱ्याची रिंग थोडी खाल्ली गेलीय. झिजलेली रिंग तेलानं परत येत नाही. फरक पडेल, पण नव्यासारखं होईल असं मी सांगणार नाही." पाणी गेलं होतं का तेही विचारलंत. मलप्रभेच्या बाजूला पावसाळ्यात छोट्या पुलांवर पाणी येतं, गाडी त्यातून नेली तर ते ब्रीदरमधून, म्हणजे बॉक्सच्या हवेच्या भोकातून, आणि सीलमधून आत शिरतं आणि तेल दुधाळ होतं. तसं झालं तर किलोमीटरची वाट न बघता बदलायचं.

जुनं तेल कमी निघालं, ते चाक फिरवणाऱ्या एका ड्राइव्ह शाफ्टच्या सीलमधून गळत होतं म्हणून. गिअरबॉक्सला बऱ्याच गाड्यांत डिपस्टिक नसते, त्यामुळे पातळी कमी झाली तरी कुणाला पत्ता लागत नाही. सील नवं बसवलंत, प्लगचे वॉशर नवे घातलेत. बॉक्सचं अंग अॅल्युमिनियमचं, हातानं अंदाजपंचे आवळलं तर आटे जातात, म्हणून टॉर्क रेंच काढलात. मग वरून नरसाळं आणि लांब पाइप लावून तेल सावकाश सोडलं, फिलरच्या भोकातून बाहेर ओघळायला लागलं तिथं थांबलात. दोन लिटरच्या जरा वर लागलं. बाकी उरलेला डबा बूच घट्ट लावून माझ्याच हातात दिलात.

जुनं तेल गटारात न सोडता तुम्ही पिंपात ओतलंत आणि ते घेऊन जाणारा परवानाधारक माणूस येतो असं सांगितलंत. आपल्या भागात विहिरीचं पाणी अजून पितात. याबद्दल तुमचे आभार कुणी मानत नसेल, मी मानते.

आता गाडीविषयी. पहिले काही दिवस फरक थोडाच वाटला. मग सकाळचा अडथळा पुष्कळ कमी झाला. अगदी गार असताना दुसरा अजून जरा थांबून घ्यावा लागतो, तुम्ही म्हणाला होता तसाच. पण कर्र आवाज गेला. बॉक्स खाली उतरला नाही. घर कर्जात गेलं नाही. पुढचं तेल कधी बदलायचं हेही तुम्ही पुस्तकातूनच बघून बिलामागे लिहून दिलंत. बऱ्याच गाड्यांना ते ४० ते ८० हजार किलोमीटरच्या दरम्यान येतं; रोज चढ असेल, ओझं असेल तर अलीकडचा आकडा धरायचा.

पाऊस लागायच्या आत ब्रेक दाखवायला येते. माझ्याबरोबर शाळेतली एक बाई येणार आहे, तिच्या गाडीलाही "बॉक्स उतरवा" असं सांगून झालंय. गाडीचं पुस्तक आणि जुनी बिलं शोधून ठेवायला तिला सांगितलं आहे.

काकींना नमस्कार सांगा.

आपली,
जांबोटीच्या रस्त्यावरची बाई