स्मोक्तुनोव्स्कींचा हॅम्लेट रंगभूमीवर घडला

माननीय संपादक,
स. न. वि. वि.

आपल्या रविवार पुरवणीतील शेक्सपियरच्या पडद्यावरील रूपांविषयीचा लेख आवडला. सोव्हिएत दिग्दर्शक ग्रिगोरी कोझिन्त्सेव्ह यांच्या १९६४च्या ‘हॅम्लेट’ चित्रपटातील समुद्र, किल्ल्याच्या भिंती, शोस्ताकोविच यांचे संगीत आणि पास्तरनाक यांचा रशियन अनुवाद या सर्वांना लेखकाने योग्य ते श्रेय दिले आहे. मात्र ज्यांच्या खांद्यावर तो चित्रपट उभा आहे, त्या इन्नोकेन्ती स्मोक्तुनोव्स्की यांची बोळवण एका ओळीत, तीही निव्वळ चित्रपट-अभिनेते म्हणून झाली, हे खटकले.

स्मोक्तुनोव्स्की यांचा जन्म १९२५ साली सैबेरियातील तोम्स्कच्या परिसरातल्या एका खेड्यात झाला. १९४३च्या अखेरीस ते जर्मनांच्या हाती सापडले, कैदेतून निसटले आणि पुन्हा लढले. परंतु शत्रूच्या कैदेत राहून आलेल्या सैनिकाकडे स्टालिनच्या राजवटीत संशयानेच पाहिले जाई. म्हणून, जिथून आणखी दूर कोणी पाठवू शकणार नाही अशा जागी आपणच जावे, या हिशेबाने त्यांनी १९४६ मध्ये आर्क्टिक वृत्तापलीकडचे, निकेलच्या खाणींचे आणि श्रमछावण्यांचे नोरिल्स्क गाठले व तिथल्या नाट्यगृहात नोकरी धरली. पुढेही मखाचकला, स्टालिनग्राड अशी फिरती चालूच राहिली. तिशी ओलांडेपर्यंत हा नट देशाला जवळजवळ अपरिचित होता.

ती ओळख झाली रंगमंचावर. लेनिनग्राडच्या बोल्शोय ड्रामा थिएटरमध्ये गिओर्गी तोव्स्तोनोगोव्ह यांनी दस्तयेव्स्कींच्या ‘इडियट’चे नाट्यरूप १९५७च्या अखेरच्या दिवशी सादर केले आणि त्यातील सौम्य, निष्कपट प्रिन्स मिश्किनच्या भूमिकेने स्मोक्तुनोव्स्की रातोरात नावारूपाला आले. १९६६ मध्ये हे नाटक पुन्हा उभे करून लंडन आणि पॅरिसला नेले, तेव्हा ते नट म्हणून त्या नाट्यगृहात राहिलेलेही नव्हते, तरी मिश्किनसाठी त्यांनाच बोलवावे लागले. कोझिन्त्सेव्ह यांचा राजपुत्र या मिश्किनचा धाकटा भाऊ आहे, असे माझे मत आहे. बासरीचा प्रसंग आठवून पाहावा. आपल्याला वाजवू पाहणाऱ्या दोन मित्रांना हॅम्लेट फटकारतो, तेव्हा आरडाओरडा करायला कितीतरी वाव असतो. स्मोक्तुनोव्स्की मात्र आवाज आवरून धरतात आणि तो आवरलेला संतापच त्या मित्रांना गप्प करतो. (आगरकरांच्या ‘विकारविलसित’ या मराठी रूपांतरापासून हॅम्लेट आपल्या ओळखीचा आहे, पण जुन्या रंगभूमीवरील नट गणपतराव जोशी यांचा तो गाजलेला राजपुत्र पडद्यावर उरला नाही, याची हळहळ अशा वेळी वाटतेच.)

या भूमिकेला १९६५चे लेनिन पारितोषिक मिळाले. त्यानंतर एखाद्याने गंभीर चेहरा सांभाळत उरलेली कारकीर्द काढली असती. स्मोक्तुनोव्स्की यांनी पुढच्याच वर्षी एल्दार रियाझानोव्ह यांच्या ‘बेवेअर ऑफ द कार’ या विनोदी चित्रपटात देतोच्किन हा साधाभोळा विमा एजंट केला, जो लाचखोरांच्या मोटारी चोरून विकतो आणि पैसे अनाथालयांना पाठवतो. हा देतोच्किन फावल्या वेळात हौशी नाटकात हॅम्लेट करतो. त्याच्या मागावर असलेला तपास अधिकारी, म्हणजे ओलेग येफ्रेमोव्ह, त्याच नाटकात लेअर्टिस असतो. शिवाय मोटारसायकलवरून देतोच्किनचा पाठलाग करणारे वाहतूक पोलीस झाले आहेत गिओर्गी झ्झ्योनोव्ह, जे स्वतःच्या हद्दपारीच्या काळात नोरिल्स्कच्या रंगमंचावर स्मोक्तुनोव्स्कींचे सहकारी होते. प्रेक्षक हसत असताना या दोघांच्या मनात काय येत असेल, कोण जाणे.

पुढे दस्तयेव्स्कींच्या ‘गुन्हा आणि शिक्षा’मधील तपास अधिकारी पोर्फिरी पेत्रोविच, चेखोव्हचा वान्या मामा, संगीतकार चायकोव्स्की या पडद्यावरील भूमिका झाल्याच, पण रंगभूमी सुटली नाही. १९७३ मध्ये मॉस्कोच्या माली थिएटरमध्ये त्यांनी झार फ्योदोर उभा केला. १९७६ मध्ये, मॉस्को आर्ट थिएटरचे प्रमुख असलेल्या येफ्रेमोव्ह यांच्याच बोलावण्यावरून, ते त्या थिएटरमध्ये आले आणि चेखोव्हचा इवानोव्ह त्यांनी साकारला. १९९४ मध्ये निधन होईपर्यंत ते याच संस्थेचे नट होते. अशा माणसाला केवळ ‘चित्रपट-अभिनेते’ म्हणणे म्हणजे निम्मे आयुष्य वगळणे होय.

पुण्या-मुंबईच्या फिल्म सोसायट्या ‘हॅम्लेट’ अधूनमधून दाखवतात. त्यांना आपल्या पत्राद्वारे एवढीच विनंती, की एकदा पहिल्या दिवशी तो आणि दुसऱ्या दिवशी देतोच्किन दाखवावा.

आपला,
एक नाट्यप्रेमी वाचक, पुणे