बाबांचं सॅशे

प्रिय रंजू,

रागावली असशील, रागाव. दिवाळीपासून मी गायबच आहे. मी बरी, बीपीची गोळी चालू, ते सोड. आज लिहितेय कारण बाबांना ॲडमिट करावं लागलं आणि कशामुळे ते ऐकून हसायचं की रडायचं हे तुलाच कळेल, तुझ्या अण्णांचं त्रिफळा प्रकरण आठव.

तर व्हिटॅमिन डी. मागच्या वर्षी रिपोर्टमधे 11 आलं, डॉक्टरांनी 60 हजार युनिटवालं सॅशे दिलं, आठवड्याला एक, आठ आठवडे, मग बंद. गुडघे जरा बरे वाटायला लागले आणि झालं! बाबांचं लॉजिक तुला माहितीये, आठवड्याला एक घेऊन एवढा फरक तर रोज घेतलं तर काय. मेडिकलवाला बिनचिठ्ठीचं देतोच. रोज रात्री दुधातून, वर कॅल्शियमची गोळी. आयसीएमआर, म्हणजे आपली सरकारी वैद्यकीय संशोधन संस्था, मोठ्या माणसाला दिवसाला 600 युनिट सांगते, म्हणजे हा माणूस रोज शंभर दिवसांचं ढोसत होता गं!

मग भूक गेली, मळमळ, पोट साफ नाही, सारखं पाणी पाणी. आम्हाला वाटलं शुगर. एक दिवस मला वत्सलामावशी समजून रागवायला लागले तेव्हा मात्र मी टरकले. कॅल्शियम 13 च्या वर, डी 150 च्या पार, किडनीचं ते क्रिएटिनिनही वाढलेलं. डी जास्त झालं की आतडी जेवणातलं कॅल्शियम ओढत सुटतात, हाडातलंही रक्तात उतरतं आणि मार बसतो किडनीला. बरं हे बी, सी सारखं लघवीवाटे निघूनही जात नाही, चरबीत मुरून बसतं. सलाईनने कॅल्शियम उतरलं, पण आता कित्येक महिने रक्त तपासत राहायचं.

आणि घरी आल्याआल्या पहिला प्रश्न, "मग आता आठवड्याला एक ना?" मी म्हटलं, बाबा, अमेरिकेत व्हायटल नावाचा अभ्यास झालाय, पंचवीस हजारांवर माणसं, पाचेक वर्षं रोज 2000 युनिट, कमतरता नसलेल्यांची हाडं मोडायची काही कमी झाली नाहीत. तर म्हणे, "अमेरिकनांची हाडं वेगळी." घ्या!

हां, आणि कोवळ्या उन्हातच डी मिळतं म्हणत तू माझ्याशी अबोला धरला होतास ना टेकडीवर? हरलीस. डॉक्टर म्हणाले, आपली सावली आपल्यापेक्षा आखूड असते तेव्हाच्या उन्हातच खरं काम होतं, आणि तेही काचेआडून नाही. पार्टी ड्यू.

तुझं नवं घर लागलं का? ईशानचा निकाल? तिकडे इंग्लंडात, लेस्टरला, हिवाळ्यात रोज 400 युनिट डी घ्या असं तुमचं सरकारच सांगतं, ते घे मुकाट्याने, तेवढंच.

काल देव्हाऱ्यामागे अख्खं पाकीट सापडलं. सॅशेचं! मी फेकलं, पण दुकान कोपऱ्यावरच आहे आणि मी दिवसभर ऑफिसात. मी बोलले की भांडण होतं. तुला गणितात माझ्यापेक्षा जास्त पडायचे म्हणून तुझं ते अजून ऐकतात, तर रविवारी त्यांना फोन कर. माझं नाव मधे आणू नकोस.

तुझी,
मधू