सभासदत्वाचे वाद निवडणुकीपूर्वीच मिटवावेत

मा. संपादक,
स. न. वि. वि.

विकास सोसायटीची, म्हणजे गावच्या शेतकऱ्यांना पीककर्ज देणाऱ्या सहकारी संस्थेची, निवडणूक लागली की आमच्या वाळवा तालुक्यात प्रचाराआधी हरकतींचे अर्ज पडू लागतात. अमक्याच्या नावावर आता गुंठाभरही जमीन नाही, तमका कायमचा मुंबईला गेला, तिसरा थकबाकीदार आहे, असे त्यांचे स्वरूप असते. वास्तविक शेतकरी असणे किंवा कार्यक्षेत्रात राहणे याविषयीच्या शंकेचा निर्णय सहकार खात्याच्या निबंधकांनी करावा, असे महाराष्ट्र सहकारी संस्था अधिनियम, १९६० चे कलम ११ सांगते आणि अपात्र सभासदाचे नाव कमी करण्याची तरतूद कलम २५-अ मध्ये आहे. या तरतुदी बारमाही असूनही एरवी पाच वर्षे तिकडे कोणी फिरकत नाही.

गेल्या निवडणुकीत खुद्द माझे नाव थकबाकीदार म्हणून प्रारूप (कच्च्या) मतदार यादीतून वगळले गेले. ऊस कारखान्याला वेळेत गेला होता आणि पीककर्जाची वसुली ऊसबिलातूनच व्हायची होती. परंतु ऊस घातल्यापासून १४ दिवसांत पैसे देण्याचे बंधन असताना बिलच रखडले. कर्ज थकवलेल्या सभासदाला मत नाही, असे कलम २७ म्हणते खरे. पण ज्याने आपला माल प्रक्रिया संस्थेला घातला आहे आणि त्या मालाची किंमत त्याच्याकडील येणे रकमेपेक्षा कमी नाही, त्याचा हिशेब मागाहून पुरा झाला तरी त्याला थकबाकीदार समजू नये, असे परंतुकही (अपवादाची तरतूद) त्याच कलमात आहे. ते दाखवल्यावर सचिवांनी ‘यादी संगणकातून निघते’ एवढेच उत्तर दिले. वजनाच्या पावत्या मी जपून ठेवल्या होत्या, म्हणून सुनावणीत नाव परत आले. शेजारच्या वृद्ध विधवेचाही ऊस त्याच आठवड्यात गेला होता, पण तिला पावत्या सापडल्या नाहीत आणि तिचे मत गेले.

उमेदवारी अर्ज नामंजूर झाल्यास ३ दिवसांत अपील करता येते. निकालानंतरचा वाद मात्र २ महिन्यांच्या आत सहकार न्यायालयात न्यावा लागतो आणि तेथे तारखा पडता पडता संचालक मंडळाची मुदत संपत येते. (वकिलाची फी सोसायटीच्या भागभांडवलापेक्षा जास्त होते, ते वेगळेच.) मयत सभासदांच्या वारसनोंदीही याच घाईत उकरून काढल्या जातात; नाव यादीत राहते आणि शेत कसणारा मुलगा बाहेर.

म्हणून दरवर्षी ३१ मार्चनंतर प्रत्येक सोसायटीने पात्र-अपात्र सभासदांची यादी कारणांसह फलकावर लावावी, थकबाकीदाराच्या नावापुढे त्याचा ऊस कधी गेला आणि बिल कधी जमा झाले याच्या तारखा लिहाव्यात, आणि हरकती त्याच वर्षी निकाली काढाव्यात, असा आदेश सहकार खात्याने काढावा, ही विनंती.

आपला,
एक ऊस उत्पादक सभासद,
ता. वाळवा, जि. सांगली