जोसेफोव्हला जाण्याआधी

प्रिय वर्षा,

तुझं आणि काकूंचं प्रागचं एकदाचं नक्की झालं, हे वाचून फार आनंद झाला. किती वर्षं नुसतं ठरत होतं! तू विचारलंयस की तिथल्या जुन्या ज्यू वस्तीत, म्हणजे जोसेफोव्हमध्ये, गाईडबरोबर पायी फेरी घ्यावी की आपलं आपण फिरावं. फेरी घे. पण पिंकास सिनेगॉगच्या, म्हणजे ज्यूंच्या प्रार्थनामंदिराच्या, दारात गाईडचा निरोप घे आणि आत एकटी जा. असं का म्हणते ते सविस्तर लिहिते, कारण या जागेबद्दल मला थोडक्यात बोलता येत नाही.

गाईड कशाला हवा, हे तुला पार्झिझ्स्का रस्त्याला लागलीस की लगेच कळेल. जुन्या शहराच्या चौकातून निघालेला हा रुंद रस्ता वस्तीच्या मधोमध जातो. दोन्ही बाजूंना झाडं, उंची घड्याळांची आणि पिशव्यांची दुकानं, वर नक्षीदार सज्जे आणि मनोरे मिरवणाऱ्या इमारती. आपण मात्र जुन्या गल्ल्या शोधत असतो, आणि त्या सापडत नाहीत, कारण त्या उरलेल्याच नाहीत. 1893 साली शहराच्या आरोग्यासाठी म्हणून कायदा झाला आणि पुढच्या वीसेक वर्षांत जवळजवळ अख्खी वस्ती पाडली गेली. सहा सिनेगॉग, जुनी दफनभूमी आणि ज्यूंचा टाऊन हॉल एवढंच राहिलं. तुला दिसणारं बाकी सगळं त्यानंतरचं.

पाडणाऱ्यांची बाजूही नीट ऐकायला हवी. दाटी भयंकर होती, रोगराईही खरी होती. 1848 नंतर ज्यूंना शहरात हवं तिथे राहायची मुभा मिळत गेली, तेव्हा ज्यांना परवडलं ते बाहेर पडले आणि रिकाम्या झालेल्या खोल्यांत शहरातले सगळ्यात गरीब लोक येऊन राहिले. पाडापाडी सुरू झाली तेव्हा तिथल्या रहिवाशांत ज्यू जेमतेम पाचातला एक उरला होता. तरीही काय गेलं याचा हिशेब कुणीतरी उभं राहून सांगावा लागतोच. फ्रान्झ काफ्का 1883 मध्ये या वस्तीच्या कडेलाच जन्मला. 1896 मध्ये ज्या सिनेगॉगमध्ये त्याचा बार मिट्झ्वा, म्हणजे तेराव्या वर्षीचा मुंजीसारखा विधी, झाला, तेही पुढे पाडण्यात आलं. हे पुस्तकात वाचणं वेगळं आणि त्याच परिसरात उभं राहून, समोर चकचकीत दुकान दिसत असताना ऐकणं वेगळं. चांगला गाईड इथेच उपयोगी पडतो, कारण जे डोळ्यांना दिसत नाही ते तो कुठे होतं ते दाखवतो.

आता गाईड कसा नको ते सांगते. मी आधी एका मोठ्या घोळक्याबरोबर फिरले होते. पुढे उंच धरलेली छत्री, मागे चाळीसेक माणसं, आणि तासभर नुसता गोलेम. मातीचा पुतळा, तो जिवंत व्हावा म्हणून त्याच्या तोंडात घातलेला मंत्र, ओल्ड-न्यू सिनेगॉगच्या माळ्यावर तो अजून पडलाय वगैरे. लहान मुलांना सांगायला गोष्ट छानच आहे, पण ज्या राबी (ज्यू धर्मगुरू) लोव यांच्या नावावर ती सांगतात, ते 1609 मध्ये वारले आणि त्यांचं नाव गोलेमशी जोडणारी कथा छापून आली ती त्यानंतर दोनशेहून जास्त वर्षांनी. ते खरे कोण होते, हे त्या तासाभरात आम्हाला कळलंच नाही. मुलाला त्याच्या वयाला झेपेल तेच आणि त्याच क्रमाने शिकवावं, असं सोळाव्या शतकात आग्रहाने मांडणारा हा विद्वान. तू जन्मभर शाळेत शिकवलंस, तुला हा माणूस भेटायला हवा! शिवाय त्या फेरीत आम्ही एकाही वास्तूच्या आत गेलो नाही. स्वस्तातल्या पुष्कळ फेऱ्या बाहेरून बाहेरूनच असतात, तेव्हा नाव नोंदवण्याआधी विचारून घे: आत नेणार का, आतलं तिकीट धरून पैसे आहेत का, गटात किती जण असतील. दहाबारांच्या वर असतील तर सोडून दे. अरुंद दारांपाशी आणि दफनभूमीच्या वाटेवर मागच्यांना काही ऐकूच येत नाही.

नंतर छोट्या गटाबरोबर जी बाई होती, तिच्यामुळे मी हे पत्र लिहितेय असं समज. टाऊन हॉलवर एक घड्याळ आहे, आकड्यांच्या जागी हिब्रू अक्षरं, आणि हिब्रू उजवीकडून डावीकडे वाचतात म्हणून काटेही उलटे फिरतात. तिथे सगळे फोटो काढतात. तिने शांतपणे सगळ्यांचे फोटो होऊ दिले, मोबाईल खाली गेल्यावर बोलायला सुरुवात केली. 1744 च्या डिसेंबरात राणी मारिया थेरेसाने प्रागमधल्या सगळ्या ज्यूंना शहर सोडायचा हुकूम काढला. 1745 मध्ये हजारो माणसं पोरंबाळं घेऊन बाहेर पडली. 1748 मध्ये परत येऊ दिलं, तेही जबर कर लादून. त्याच्या आधीचा, 1726 चा एक कायदा होता की ज्यू घरातल्या एकाच मुलाने लग्न करायचं. बाकीच्या मुलांनी काय करायचं? गाव सोडायचं, नाहीतर चोरून लग्न लावायचं. आमच्यातल्या कुणीतरी हाच प्रश्न विचारला, आणि ती म्हणाली, आता मान वर करून पुन्हा घड्याळाकडे बघा, याच्याखाली राहणाऱ्यांच्या घरात ही बोलणी होत असत. वर्षा, गाईडचं काम मला तेव्हा समजलं.

ओल्ड-न्यू सिनेगॉग साधारण 1270 च्या सुमाराचं आहे आणि आजही तिथे प्रार्थना होते. आजूबाजूच्या रस्त्याची पातळी शतकानुशतकं वाढत गेली, त्यामुळे आत जाताना पायऱ्या उतराव्या लागतात. काकूंना हात धर. बायकांनी प्रार्थना ऐकायची ती भिंतीतल्या अरुंद फटींतून. त्या फटींपाशी मी बराच वेळ उभी होते. राग आला मला, आणि तो लपवायची गरज वाटली नाही. याचं तिकीट बहुधा वेगळं काढावं लागतं, तेव्हा आधी बघून ठेव.

दफनभूमी मात्र सावकाश बघ. जागा वाढवून मिळत नव्हती आणि धर्माप्रमाणे जुनी कबर उकरायची नाही, म्हणून वर माती टाकून पुन्हा त्यावरच पुरलं, आणि जुने दगड वरच्या थरात आणून उभे केले. काही ठिकाणी असे बारा बारा थर आहेत म्हणतात. वर दिसणारे सुमारे 12,000 दगड म्हणूनच असे एकमेकांच्या खांद्यावर कलंडलेले. सगळ्यात जुना ओळखू येणारा दगड 1439 चा, अविग्दोर कारा यांचा. 1389 मध्ये प्रागमधल्या ज्यूंची कत्तल झाली, तिच्यावर शोकगीत लिहिणारे ते कवी. शेवटचं दफन 1787 चं. हिब्रू येत नसली तरी दगड थोडेफार वाचता येतात आणि ते कसे, हे गाईडने दाखवलं की मग आपला आपल्याला नाद लागतो. आशीर्वादासाठी उंचावलेले दोन हात दिसले की तो पुरोहित घराण्यातला, पाण्याची झारी असली की लेव्ही, म्हणजे पुरोहितांना मदत करणाऱ्या घराण्यातला. सिंह, हरीण, अस्वल हे नावावरून. डेव्हिड गान्स या इतिहासकार-खगोलतज्ज्ञाच्या दगडावर बदक-हंसासारखा पक्षी आहे आणि वर सहा टोकांचा तारा. तारा डेव्हिड नावासाठी, पक्षी आडनावासाठी, कारण जर्मनमध्ये गान्स म्हणजे तोच पक्षी. लोक दगडांवर छोटे खडे ठेवतात, तू ठेवलास तरी चालेल, पण कुठलाही उचलू नकोस.

आणि एक गोष्ट आवर्जून विचार, म्हणजे गाईडची परीक्षाही होईल. पुष्कळजण ठोकून सांगतात की हिटलरला इथे "नामशेष वंशाचं म्युझियम" करायचं होतं, म्हणून इथल्या ज्यू म्युझियममधल्या वस्तू वाचल्या. गोष्ट ऐकायला दणदणीत आहे, पण असा आराखडा दाखवणारा अस्सल कागद अभ्यासकांना मिळालेला नाही. म्युझियम 1906 पासूनचं. 1942 मध्ये, नाझी बोहेमिया-मोराव्हियातल्या (आजच्या चेकियातल्या) गावागावांतून ज्यूंना हद्दपार करत असताना, तिथल्या सिनेगॉगमधली पडदे, चांदीची भांडी, तोरा या धर्मग्रंथाच्या गुंडाळ्या अशी सगळी चीजवस्तू प्रागला गोळा होऊ लागली. ती नोंदवण्याचं काम ज्यू तज्ज्ञच करत होते. त्यांच्या जातभाईंना गाड्यांत भरत होते आणि हे एकेका पडद्यावर कुठल्या गावचा, कुणी दिलेला, हे लिहून ठेवत होते. मग त्यांनाही पाठवण्यात आलं. त्या तज्ज्ञांपैकी हाना वोलाव्कोव्हा तेवढ्या जगल्या आणि युद्धानंतर त्यांनीच ते म्युझियम सांभाळलं. स्पॅनिश सिनेगॉगचं सोनेरी नक्षीकाम बघून सगळे हरखतात, तूही हरखशील. पण काचेमागचा साधा, विटलेला पडदा दिसला की त्यावरची नोंद कुणीतरी कुठल्या परिस्थितीत केली असेल ते आठव. श्रेय हिटलरच्या लहरीला नको, त्या नोंदी करणाऱ्यांना द्यायला हवं. याबद्दल मी कुणाशीही भांडायला तयार आहे.

आता पिंकास. आत भिंतीच भिंती आणि त्यांवर हाताने लिहिलेली नावं. बोहेमिया आणि मोराव्हियातले मारले गेलेले जवळजवळ 80,000 ज्यू. आडनाव लाल रंगात, पुढे घरातल्या एकेकाचं नाव आणि तारखा काळ्या रंगात. लांबून बघितलं तर भिंतीला बारीक नक्षी काढलीय असं वाटतं. जवळ जा, नाकासमोर एक ओळ पकड. मी एक घर धरलं. नावांपुढे पहिली तारीख जन्माची, सगळ्यांची वेगळी, धाकटं मूल 1938 चं. दुसरी तारीख सगळ्यांची तीच. ती मरणाचीच असते असं नाही. मृत्यूचा दिवस माहीत नसेल तिथे ती हद्दपारीच्या गाडीची, म्हणजे माणूस जिवंत असल्याची शेवटची नोंद. हे मला गाईडने बाहेरच सांगून ठेवलं होतं आणि ती स्वतः दारात थांबली. आत तिचा आवाज असता तर मी ती ओळ शेवटपर्यंत वाचली नसती.

ही नावं दोनदा लिहिलीत. 1950 च्या दशकात पहिल्यांदा. 1968 मध्ये सिनेगॉग बंद झालं, ओल चढून नावं गेली आणि तेव्हाच्या कम्युनिस्ट राजवटीने वर्षानुवर्षं दारच उघडलं नाही. 1990 नंतर ती पुन्हा, एकेक अक्षर करत, लिहून काढली.

वरच्या मजल्यावर टेरेझीनच्या नाझी छावणीतल्या मुलांची चित्रं आहेत. फ्रीड्ल डिकर-ब्रांडाईस ही चित्रकार तिथे मुलांना चित्रकला शिकवायची. 1944 च्या ऑक्टोबरात तिला ऑशविट्झला नेलं, त्याआधी तिने सुमारे 4,500 चित्रं दोन सूटकेसमध्ये भरून मागे ठेवली. घरं, फुलपाखरं, जेवणाचं टेबल. चित्रांवर नाव घालायला ती मुलांना सांगायची, त्यामुळे कितीतरी चित्रं कुणाची ते आज कळतं. काकूंना वर न्यायचं की नाही ते तू ठरव. मी असते तर नेलं असतं, फक्त त्यानंतर दुसरं काही बघायचं ठेवलं नसतं.

म्हणून सगळं एका सकाळीत उरकू नकोस, फेऱ्यावाले तसं करायला लावतात. पहिल्या दिवशी गाईडबरोबर रस्ते, टाऊन हॉल, ओल्ड-न्यू आणि दफनभूमी. दुसऱ्या दिवशी सकाळी दार उघडताच पिंकास, तुम्ही दोघीच. टेरेझीन प्रागपासून 60 किलोमीटरवर आहे, जायचं तर त्याला वेगळा दिवस दे. रस्ते दगडी चिऱ्यांचे आहेत, काकूंना जाड तळव्याचे बूट घ्यायला सांग, गुडघ्यांना बरं पडेल. खांदे झाकणारं काहीतरी जवळ ठेव. पुरुषांना डोकं झाकावं लागतं, तो प्रश्न तुम्हाला नाही.

शनिवारी आणि ज्यूंच्या सणांना सगळं बंद असतं. सप्टेंबर-ऑक्टोबरात हे सण लागोपाठ येतात आणि दरवर्षी तारखा बदलतात. तुम्ही नेमक्या तेव्हाच जाताय ना? प्रागमधल्या तारखा लगेच कळव, मी सणांचं बघून सांगते, मगच गाईड ठरव. आणि त्या छोट्या गटवाल्या बाईंचा पत्ता माझ्या जुन्या डायरीत आहे, तो शोधून वेगळा पाठवते.

काकूंना नमस्कार.

तुझी,
नीला